उतारगावातलं अमोज

रेडेकर बाईंनी हजेरी सुरू केली तेव्हा मी पाण्याच्या टाकीच्या कट्ट्यावर, माझ्या रोजच्या जागी, बसले होते. तिथून पहिली 'ब'च्या वर्गाची दुसरी खिडकी दिसायची आणि खिडकीतून माझी निरू. पूर्ण नाही. डावी वेणी, कान आणि अर्धा गाल.

"मधुरा सावेकर."

"हजर बाई!"

"विराज मोहिते."

"हजर!"

"नीरजा हसूरकर."

निरूचा हात वर गेला. तोंड बंद. बाईंनी मान न उचलता खूण केली आणि पुढचं नाव घेतलं. जूनमध्ये या जागी मुलं हसायची. आता हसतही नव्हती. पंख्याची घरघर जशी काही दिवसांनी ऐकू येईनाशी होते, तसं माझ्या मुलीचं न बोलणं त्या वर्गाला ऐकू येईनासं झालं होतं. मला त्याचीच जास्त भीती वाटायची.

मागून शिपाई मावशी आल्या. "अहो निरूच्या आई, मोठ्या बाईंनी आत बोलावलंय. उन्हात किती बसतायसा रोज? काळ्या पडाल की."

मोठ्या बाई म्हणजे शिंत्रे बाई, मुख्याध्यापिका. निवृत्तीला दोन वर्षं राहिलेली, चष्म्याची दोरी गळ्यात, आवाज असा की मैदानात न ओरडता पोचावा.

"बसा. घरी बोलते म्हणता ना ही?"

"अखंड बोलते, बाई. सासूबाईंचे कान किटतात."

"इथे चार महिन्यांत एक शब्द नाही. 'पाणी' नाही, 'बाई' नाही. दोनदा कपडे ओले झाले, पण 'शू'ला जायचं म्हणून बोलली नाही." त्यांनी एक पेपर माझ्यापुढे सरकवला. "आणि हे लेखी. ताटात भाकरी किती, असा प्रश्न आहे. चित्रात पाच आहेत. पाच येत नाहीत का तिला?"

"शंभरपर्यंत येतं."

"मग हे काय काढलंय?"

उत्तराच्या चौकोनात एक छोटंसं घर काढलं होतं. छप्पर होतं, दार होतं. बाकी काही नाही.

बाईंनी पेपर परत घेतला, घडी घातली.

"स्पष्ट बोलते, राग मानू नका. वीस दिवसांनी सहामाहीची तोंडी परीक्षा आहे. त्यात ही बोलली नाही तर मी तिला पुढे या वर्गात ठेवू शकत नाही. तिचंच नुकसान होतंय. कोल्हापूरला अशा मुलांची वेगळी शाळा आहे, मी चिठ्ठी देते."

"बाई, ती बोलेल. थोडा वेळ द्या."

"किती?"

मी पेपराच्या घडीकडे बघितलं.

"मला तारीख द्या. डॉक्टरांनी सांगू दे, तुम्ही सांगा, कुणीही सांगा. अमुक दिवशी बोलेल असं म्हणा, मी त्या दिवसापर्यंत थांबते. 'बोलेल कधीतरी' यावर पंचेचाळीस पोरांचा वर्ग चालत नाही."

त्यांचं चुकत होतं असं आज चौदा वर्षांनीही मला म्हणवत नाही.

आम्ही त्याच वर्षी नाशिकहून गडहिंग्लजला आलो होतो. सुजयला, माझ्या नवऱ्याला, साखर कारखान्याच्या प्रयोगशाळेत नोकरी लागली होती, आणि घर त्याच्या आईचंच होतं. माझी पदवी मानसशास्त्रातली. पुढे पूर्ण शिकले असते तर बरं झालं असतं, नाहीतर अजिबात शिकले नसते तरी. अर्धवट शिकल्यामुळे मला प्रत्येक गोष्टीचं लक्षण दिसायचं. एक दोनशे पानी वही केली होती. निरूने काय खाल्लं, कुणाकडे बघितलं, किती वेळ नख कुरतडलं, सगळं त्यात. सुजय म्हणायचा, "कारखान्यात आम्ही उसाचा रससुद्धा इतका तपासत नाही गं."

दुपारी घरी निघालो. पिठाची गिरणी ओलांडली की निरूचं तोंड सुटायचं, तिथपर्यंत नाही. त्या दिवशी गिरणी मागे पडताच ती म्हणाली, "आई, विराजच्या डब्यात आज परत शेंगदाण्याची चटणी. सलग तिसऱ्यांदा. त्याच्या आईला दुसरं काही येत नाही का?"

"निरू, पेपरात ते घर कसलं काढलंस?"

"ते होय? ते अमोज."

"अमोज म्हणजे?"

"भाकरी किती असं विचारलं होतं. भाकरी मोजायच्या नसतात की."

घरी सासूबाई चुलीपाशीच होत्या. गॅस होता, पण भाकरी चुलीवरच. मी विचारलं तर त्यांनी थापटणं न थांबवता सांगितलं, "मोजू नये बाई. मोजलेली भाकरी पुरत न्हाई. चांदण्या, भाकरी आन् पोरं, ही मोजायची न्हाईत. आमच्या आईनं सांगितलं, मी तिला सांगितलं. काय चुकलं?"

"अहो आई, तिने परीक्षेत तसं लिहिलं."

"मग मास्तरनीला कळायला नगं? भाकरीचं गणित घालतंय कुणी?"

निरू माझा पदर ओढत होती. "चल, तुला दाखवते."

परसात धुणं धुवायच्या फरशीपलीकडे तिने कोळशाने एक उतार काढला होता. मी तो रोज बघत होते आणि पावसाने पुसला जाईल म्हणून सोडून देत होते. खाली एक वेस. वेशीपासून वर चढत गेलेली घरं, त्यांच्यावर आकडे: एक, दोन, तीन. वीसनंतर घरं बारीक होत गेली होती, मग ठिपके, मग नुसती रेघ. आणि रेघेच्याही वर, फरशीच्या अगदी कडेला, एकटं एक घर. त्यावर आकडा नव्हता. त्यात एक चिंचोका ठेवला होता.

"हे उतारगाव," निरू म्हणाली. "इथं सगळे फक्त खाली येतात. रोज जेवण झालं की एक घर तरी खाली यायचं. उड्या मारल्या तरी चालतात. वर जायचं नाही आणि तिथंच बसायचं नाही. वेशीत आलं की झालं."

"आणि ते वरचं?"

"तेच अमोज. ज्याचं मोजायचं नसतं त्याचं घर."

मला गंमत वाटली. खरं सांगायचं तर किती तरी महिन्यांनी तिच्याबद्दल काळजीखेरीज काही वाटलं. मी फरशीवर मांडी घातली.

"म्हणजे लाखाच्या वर?"

"लाखाच्या, कोटीच्या, सगळ्यांच्या."

"मग लाखाच्या घरातून एकेक घर वर गेलं की येईल ते."

"वर जायचंच नाही म्हटलं ना! आणि गेलं तरी लाख एक लागतं, मग लाख दोन. असंच लागत बसतं. अमोजाच्या अलीकडचं घरच नाहीये."

"असं कसं? प्रत्येकाच्या अलीकडे एक असतंच. दहाच्या अलीकडे नऊ."

"ते साध्यांच्या." तिने माझ्याकडे जरा कीव केल्यासारखं बघितलं. "याच्या नाही."

"मग तिथला माणूस उतरताना पाय कुठे ठेवतो?"

"त्याला पाहिजे तिथं. सातवर ठेवू दे, नाहीतर सातशेवर. पण एकदा ठेवला ना, की मग तो साधा झाला. मग रोज खाली, रोज खाली, आणि येतोच वेशीत. लाखावर ठेवला तरी येतोच."

मी पुन्हा त्या उताराकडे बघितलं. चढून जिथे पोचता येत नाही अशी जागा. पण तिथून निघालेला माणूस मात्र कुठल्याही वाटेने आला तरी वेशीत पोचणारच. सहा वर्षांच्या पोरीने हे कुठून काढलं? मी तिला शब्दात पकडायला बघितलं.

"म्हणजे तुला अनंत म्हणायचंय का?"

"अनंत आज्जीच्या देव्हाऱ्यात असतो. चौदा गाठीवाला."

"तो नाही गं. अनंत म्हणजे जे कधी संपतच नाही ते."

"मग हे ते नाही. अमोज संपतं. किती दिवसांत ते फक्त ठरलेलं नसतं."

"म्हणजे 'माहीत नाही'. बरोबर?"

"नाही!" ती चिडलीच. "'माहीत नाही'मध्ये 'कधीच नाही' पण येतं. अमोजात 'कधीच नाही' नसतं. ते वेगळं गाव आहे."

"आणि अमोजाच्याही वर कुणी राहतं का?"

तिने कोळसा उचलला आणि वर आणखी एक घर काढलं. "हे अमोज आणि एक. इथला माणूस आज उतरला की अमोजात येतो. मग तिथं त्याला वाटेल तेव्हा उठतो."

"तिथे कितीही बसता येतं? रोज उतरायचा नियम?"

"तो आकड्यांच्या घरांना. अमोजातला आपल्या आपण उठतो." आणि मग, सासूबाईंच्या सुरात, "घाई करू नये बाई."

त्या रात्री वहीत मी पहिल्यांदाच लक्षण न लिहिता नियम लिहिले.

पुढचे काही दिवस आम्ही दुसरं काही बोललो नाही. गिरणी ओलांडली की माझाच प्रश्न तयार असायचा. दोघंजण अमोजात असले तर? दोघं वेगवेगळ्या घरांवर उतरू शकतात. अमोजातून थेट वेशीत उडी चालते? चालते, पण पाय दुखतात. सुजयला सांगितलं तर तो हसला, मग कपाळ खाजवत म्हणाला, "थांब, थांब, यात चूक काढता यायला पाहिजे." पानाच्या मागे आकडे मांडत बसला आणि चूक न काढताच कारखान्यात पाळीला गेला.

दहाव्या दिवशी मी नको तो प्रश्न विचारला.

"निरू, वरच्या घरातला चिंचोका कोण आहे?"

"मी."

"तू तिथे काय करतेस?"

"शाळेत बोलणार आहे ना, ती मी." हे तिने इतकं सहज सांगितलं की माझ्या हातातली बादली मी खाली ठेवली.

"बोलणार आहेस?"

"हो."

"कधी?"

तिने बोटाने आकडा नसलेलं ते घर दाखवलं, आणि आत निघून गेली.

मी तिथेच उभी राहिले. मोठ्या बाई तारीख मागत होत्या, आणि माझ्या मुलीकडे उत्तर होतं. पण ते कुठल्या कॅलेंडरवर लावू? तोंडी परीक्षेला दहा दिवस. मी कोल्हापूरच्या शाळेला फोन केला. ताराबाई पार्कापासून रिक्षा मिळते, प्रवेश चालू आहेत, असं कुणीतरी आपुलकीने सांगितलं. त्या आपुलकीने मी जास्तच घाबरले.

दुसऱ्या दिवशी ताप असल्याचं सांगून मी टाकीच्या कट्ट्यावर गेले नाही. सासूबाईंनी निरूला शाळेत सोडलं. ताप नव्हता. मी परसात गेले, अमोजातला चिंचोका उचलला आणि आठच्या घरात ठेवला. आठ, म्हणजे परीक्षेच्या आदल्या दिवशी वेस. मला वाटलं, खेळ तिचा आहे, नियम ती पाळते. आठवर बघितलं की सातवर आणेलच. मानसशास्त्रात याला काहीतरी नावही होतं. तेव्हा आठवलं होतं, आता आठवत नाही.

ती आली, हातपाय धुवायला परसात गेली. मी स्वयंपाकघराच्या जाळीतून बघत होते. ती फरशीपुढे उभी राहिली. चिंचोका उचलला नाही, रडली नाही. आत येऊन पाटावर बसली.

"निरू, लिंबाचं सरबत करू?"

ती पाटाची कड बोटाने घासत राहिली.

"आज डब्यात काय होतं विराजच्या?"

तिने हात वर केला. शाळेत हजेरीला करायची तसा. आणि खाली घेतला.

जी मुलगी निदान पिठाच्या गिरणीपासून घरापर्यंत माझी होती, तीही गेली. संध्याकाळी नाही, दुसऱ्या दिवशी नाही. सुजयने मांडीवर घेतलं, गुदगुल्या केल्या. ती हसली, आवाज न करता.

सासूबाईंनी मला चुलीपाशी गाठलं. "काय केलंस पोरीला?"

"काही नाही."

"हेमांगी, माझ्या तोंडाकडं बघून सांग."

मी सांगितलं. चिंचोक्याचं, आठाचं, सगळं. मला वाटलं त्या हसतील. त्यांनी तवा उतरवला.

"आधण आलंय का न्हाई ते झाकण काढून बघत बसलं की येतंय व्हय ते? आन् तू तर हातच घातलास आत. जा. तिच्या म्होरं जाऊन चुकलं म्हण."

"सहा वर्षांच्या मुलीपुढे?"

"मग काय साठ वर्साची व्हईपत्तर थांबणारेस?"

निरू परसात, पायरीवर, गुडघ्यात हनुवटी घालून बसली होती. परीक्षेला आठ दिवस राहिले होते. मी तिच्याशेजारी बसले नाही, फरशीवर बसले, उताराच्या खालच्या बाजूला.

"चिंचोका मी हलवला. तो माझा नव्हता. चुकलं माझं."

ती बघत होती.

"शिंत्रे बाईंनी तारीख मागितली म्हणून मी घाबरले. तुला दुसऱ्या शाळेत घालतील म्हणून." एवढं मी तिला तोवर सांगितलंच नव्हतं. "आता याचं काय करायचं? मी परत वर ठेवू, की तू ठेवतेस? नियम काय आहे?"

मग ती उठली, आठवरचा चिंचोका उचलून फ्रॉकला पुसला आणि वर ठेवला. पुन्हा आत गेली. मला वाटलं संपलं. पण ती डब्यातून दुसरा चिंचोका घेऊन आली, मोठा, आणि तोही अमोजात ठेवला, आपल्या चिंचोक्याला चिकटून.

"हा कोण?" मी विचारलं.

"तू." दोन दिवसांनी आलेला तो आवाज जरा घोगरा होता.

"मी? मी तर बोलते की सगळीकडे."

"बोलायचं नाही. टाकीवरून उठायचं."

मला कळलं नाही. किंवा कळायला नको होतं.

"तू खिडकीतून बघतेस ना," निरू म्हणाली. "बाई माझं नाव घेतात. मी तोंड उघडायला लागते. मग मी तुझ्याकडे बघते, तर तुझं पण तोंड उघडलेलं असतं. असं." तिने माझा चेहरा करून दाखवला. भुवया वर, ओठ उघडे, 'ह'वर अडकलेले. सहा वर्षांच्या चेहऱ्यावर माझी अख्खी घालमेल. "मग माझं बंद होतं."

शाळा सुरू झाल्यापासून मी रोज त्या कट्ट्यावर बसून तिच्याऐवजी 'हजर' म्हणत होते आणि मला ते माहीत नव्हतं. वहीत तिच्या नखांचीसुद्धा नोंद होती. माझ्या तोंडाची नव्हती.

"मग मला कधी उठायचं ते तू सांग."

"मी कशी सांगू? ज्याचा चिंचोका त्यानं ठेवायचा."

"शंभर चालेल?" मी खरंच विचारलं. लाजच नव्हती मला.

"चालेल," ती अगदी समजूतदारपणे म्हणाली. "पण मग तिथून वर जाता येत नाही हं."

मी मोठा चिंचोका उचलला. हातात काही वजन नव्हतं त्याचं, पण ठेवायला जागा सापडेना. वीस? पंधरा? शेवटी सातवर ठेवला आणि लगेच वाटलं, नऊ म्हणायला हवं होतं.

"सात," निरूने मोजून खात्री केली. मग आपला चिंचोका घेतला. बोट उतारावरून फिरवत राहिली, वीसच्या पुढे, बारीक घरांत. मी मुद्दाम वेशीकडे बघत राहिले, तिच्या बोटाकडे नाही.

"एकतीस."

परीक्षा आठ दिवसांवर. त्यानंतर दिवाळीची एकोणीस दिवसांची सुट्टी.

"सुट्टीचे दिवसही धरायचे?"

"उताराला कुठं सुट्टी असते?"

दुसऱ्या दिवशी मी शिंत्रे बाईंच्या टेबलासमोर होते. "बाई, तारीख आणली. सुट्टीनंतर शाळा भरते त्याच्या चौथ्या दिवशी."

"कोण म्हणालं? डॉक्टर?"

"ती स्वतः."

त्यांनी चष्मा नाकावर चढवला. मी सांगायला सुरुवात केली. भाकरीपासून. मध्येच मला जाणवलं की मी वेड्यासारखी दिसत असणार, पण आता थांबले तर आणखीच तशी दिसेन, म्हणून बोलत राहिले. बाईंनी पेपरामागे उतार काढायला लावला. प्रश्न विचारले, आणि ते चेष्टेचे नव्हते.

"आणि एकतिसाचे बत्तीस झाले तर?"

"होत नाहीत. वर जाता येत नाही. आधी होऊ शकतं, उशिरा नाही."

"हं. आणि या आणखी वरच्या घराचं काय म्हणालात?"

"अमोज आणि एक. तिथला माणूस उद्या अमोजात येतो. मग त्याला वाटेल तेव्हा उठतो."

शिंत्रे बाई माझ्याकडे बघत राहिल्या आणि एकदम हसू लागल्या. इतक्या की शिपाई मावशी दारात डोकावल्या. "अहो, हे तर आमचं शिक्षण खातं! आज विचारलं तर म्हणतात उद्या या. उद्या गेलं तर म्हणतात, कळवू." त्यांनी डोळे पुसले, गंभीर झाल्या. "तेहेतीस वर्षं गणित शिकवलं मी. भाकरी मोजायच्या नाहीत हे माझी आजीपण सांगायची. पाचला पाच मार्क द्यायचे ही माझी नोकरी, ते देता येणार नाहीत. पण तिची तोंडी त्या तारखेला घेते. त्यानंतर मात्र एक दिवस नाही."

"नाही बाई."

"आणि तुमचं ते टाकीवरचं?"

"सहा राहिले," मी म्हणाले.

दिवस उलटे मोजत, सहाव्या दिवशी मी कट्ट्याच्या पलीकडच्या टोकाला बसले. पाचव्या दिवशी नळापाशी, तिथून वेणी दिसायची पण गाल नाही. चौथ्या दिवशी फाटकात. तिसऱ्या दिवशी रस्त्यापलीकडच्या स्टेशनरीच्या दुकानात तीन खोडरबर घेतले, नको असताना. दुसऱ्या दिवशी गिरणीपाशी. गिरणीवाले काका म्हणाले, "वहिनी, दळण कुठाय?" शेवटच्या दिवशी निरूला फाटकात सोडलं आणि वळून घरी आले. आयुष्यात इतका लांब रस्ता मी चाललेले नाही. परीक्षेच्या दिवशीही घरीच होते. निरू फक्त लेखी देऊन आली. सासूबाईंनी मला शेंगा फोडायला बसवलं आणि तासभराने ताट बघून म्हणाल्या, "टरफलं ठेवलीस, दाणे फेकलेस."

सुट्टीत रोज जेवल्यावर निरू चिंचोका एक घर खाली आणायची. मी विचारत नव्हते, तीही बोलत नव्हती. लक्ष्मीपूजनाला सतराच्या घरापुढे तिने एक पणती ठेवली, एवढंच. शाळा उघडली तेव्हा चिंचोका तीनवर होता. पहिल्या दिवशी ती आली आणि दप्तर टाकून विराजच्या नव्या बुटांबद्दल बोलत राहिली. रात्री चिंचोका दोनवर. दुसऱ्या दिवशी दुपारी मी परसात धुणं पिळत होते. ती आली ती थेट फरशीपाशी. चिंचोका उचलला आणि वेशीत ठेवला.

"अगं, अजून दोन राहिलेत ना?"

"मी उडी मारली."

पिळलेली चादर माझ्या हातातून पुन्हा पाण्यात पडली. "बोललीस? निरू, काय बोललीस? कुणाशी? 'हजर' म्हणालीस?"

ती विचारात पडली. मग सांगणार नाही अशी मान हलवली. "ते तिथलं, शाळेतलं आहे," म्हणाली, आणि भाकरी मागायला आत पळाली.

रविवारच्या बाजारात रेडेकर बाई समोरच भेटल्या. हातात कोथिंबिरीची जुडी, चेहरा फुललेला. लांबूनच म्हणाल्या, "अहो निरूची आई! तुम्हाला सांगायचंच होतं. परवा काय झालं माहितीये का वर्गात? तुमची लेक उभी राहिली आणि सगळ्यांदेखत..."

मला ते हवं होतं. इतकं हवं होतं की कान गरम झाले.

"बाई, नका सांगू."

"अं?"

"नका सांगू. तिचं आहे ते."

"अहो, पण ऐकण्यासारखं आहे!"

"असेल," मी म्हणाले, आणि खाली बसून वांगी निवडायला लागले. बाई हसल्या आणि गर्दीत गेल्या. मी वांग्यावर वांगं उचलत होते, फिरवून बघत होते, पिशवीत टाकत होते.

घरी सासूबाईंनी पिशवी सुपात उपडी केली. एकेक वांगं उलटून बघितलं आणि माझ्याकडे वर बघितलं.

"हेमांगी, डोळं मिटून आणलीस व्हय गं ही? निम्मी किडकी हाईत की."